गळती

पहाटे सव्वातीनला लोखंडी चावी खांद्यावर टाकून निघतो.
नायगाव, शिवडी, मग परळ.
चौदा आटे फिरवले की तिसऱ्या गल्लीत पाणी चढतं.
एकतीस वर्षं झाली.

म्हणून चारुता जेव्हा म्हणाली,
"बाबा, तुम्ही पाण्यात काहीतरी कालवता,"
तेव्हा मी हसलो.
दुसऱ्या दिवशी तिनं अख्खं पिंप ओतून दिलं.
तिसऱ्या दिवशी बँकेतून फोन :
काउंटरवर बसून ती नोटा नाही, स्वतःची बोटं मोजतेय,
आणि दर वेळी एक जास्त भरतेय.

मानसोपचारवाल्यांनी गोळ्या दिल्या.
मेहुणीनं अंगारा दिला, तोही खिशात ठेवला.
झोप गेली. मग शब्द गेले.
मग ओठ आपोआप हलू लागले,
तोंडात घास नसताना चावल्यासारखे.
नवव्या रात्री फीट.

केईएममध्ये मेंदूचा फोटो स्वच्छ आला.
डॉक्टर तिरोडकर, माझ्या लेकीपेक्षा दोनचार वर्षांनीच मोठ्या,
म्हणाल्या, "फोटो चांगला म्हणजे मेंदू चांगला, असं नाही."
हे मला लगेच पटलं.
नकाशावर एकही पाइप फुटलेला नसतो.

पाठीच्या मणक्यातून पाणी काढलं.
गुडघे पोटाशी दाबून दोघांनी तिला कुशीवर धरलं होतं,
लहानपणी झोपायची तशी.
बाटलीतलं ते पाणी इतकं नितळ
की सवयीनं माझा हात पुढे झाला, उजेडाकडे धरून बघायला.
दोष त्यातच निघाला.

डॉक्टर सैनिक, हल्ला वगैरे सांगत होत्या.
मी म्हटलं, मॅडम, व्हॉल्व्हवर गंज चढलाय असं समजू का?
त्या थांबल्या. "समजा.
पण गंज बाहेरचा नाही. तिचंच शरीर तो बनवतंय."

का, ते पोटाच्या सोनोग्राफीत दिसलं.
डाव्या अंडाशयात चिकूएवढी गाठ.
कापली तेव्हा आत केस, एक दात,
आणि मेंदूत असतो तसलाच थोडा गर.
शरीरानं तिला परकी म्हटलं, खोटं नाही म्हटलं,
पण तिच्यासाठी जे बनवलं
ते वर डोक्यात, तसंच दिसणाऱ्यावर जाऊन बसलं.
"प्रत्येकीला गाठ असतेच असं नाही," डॉक्टर म्हणाल्या.
"कित्येकदा कारण सापडतच नाही."

आजार डोक्याचा आणि ऑपरेशन पोटाचं?
नातेवाईक एकमेकांकडे बघत राहिले.
मी एकटा मान हलवत होतो.
रात्री दोनला रस्ता गप्प झाला की आम्ही
जमिनीला काठी टेकवतो, दुसरं टोक कानाला.
वास येतो तिसऱ्या मजल्यावरच्या नळाला,
भोक असतं दोन गल्ल्या पलीकडे.

मग पाच दिवस स्टिरॉइड. चेहरा चंद्रासारखा सुजला.
मग त्या महागड्या बाटल्या, ज्यांसाठी पीएफ मोडला :
हजारो माणसांच्या रक्तातून गाळलेलं काहीतरी,
थेंब, थेंब, थेंब.
कोण ती माणसं, कुठली, कोणालाच ठाऊक नाही.
मीही आयुष्यभर अनोळखी घरांना पाणी सोडलं.
असा हिशेब लावू नये. मनात आला खरा.

एकोणीस दिवस काहीच नाही.
ड्यूटी करून येत होतो;
ह्या इस्पितळाच्या गल्लीचीही चावी माझ्याच खांद्यावर.
विसाव्या दिवशी तिनं माझ्या मनगटाकडे पाहिलं
आणि म्हणाली, "चौदा."

घरी येऊन चार महिने झाले.
मधला दीड महिना तिला आठवत नाही.
विचारते, मी काय काय बोलले होते?
झोपेतली बडबड, मी सांगतो.
पुन्हा होऊ शकतं म्हणतात. सहा महिन्यांनी परत सलाईन.

काल जेवताना तिच्या पेल्यात पाणी ओतलं.
तिनं पेला उचलून उजेडाकडे धरला,
जरा जास्तच वेळ.
मी मान खाली घालून
भात कालवत राहिलो.